पॉपलरच्या मागोमाग लाहौलपर्यंत

अमेरिकेत राहणाऱ्या मराठी नातलगांकडून दर सप्टेंबर-ऑक्टोबरला एक ठरावीक फोटो येतो. पांढरीशुभ्र सरळ खोडं, वर पिवळीधमक पानं, मागे डोंगर. कोलोरॅडो किंवा युटामधलं हे ॲस्पेनचं रान. तो पाहिला की आपल्या देशात असं काही कुठे बघायला मिळेल, हा प्रश्न पडतोच. पश्चिम हिमालयाच्या रानात खरा ॲस्पेन आपसूक उगवत नाही. मात्र तो ज्या पॉपलर कुळातला, त्या कुळाची झाडं आपल्याकडे भरपूर आहेत आणि त्यांची गाठ पडायला दिल्लीपासूनच सुरुवात होते. यंदा ऑक्टोबरच्या उत्तरार्धात आम्ही दिल्लीहून निघून यमुनेच्या काठाकाठाने वर सरकत थेट लाहौलपर्यंत गेलो, तो या झाडाच्या मागोमाग.

पहिली भेट बाजारात झाली. पश्चिम दिल्लीत कीर्तीनगरला फर्निचरची आणि लाकडाची मोठी बाजारपेठ आहे. तिथल्या एका दुकानदाराने प्लायवूडचा नुकताच कापलेला तक्ता उभा धरून त्याची कड दाखवली. कडेला थरांच्या रेषा स्वच्छ दिसत होत्या. वरखालचा कागदासारखा पातळ, लालसर थर परदेशी लाकडाचा. पोटातले जाड, पांढुरके थर पॉपलरचे. एका थराचे तंतू उभे तर पुढच्याचे आडवे, म्हणून तक्ता वाकत नाही की चिरत नाही. राजधानीतल्या कपाटांत, पलंगांत, कचेऱ्यांतल्या आडोशांत हे झाड असं जागोजागी दडलेलं आहे आणि रोज त्याला टेकून बसणाऱ्यांना त्याचं नावही ठाऊक नसतं.

सोनीपत मागे पडलं तशी भाताची कापलेली शेतं दोन्ही बाजूंना दिसू लागली. हवेत पराळीच्या धुराचा वास होता आणि दुपारीही सूर्य धुरकट तांबडा दिसत होता. पानिपतला काला आंबच्या स्मारकापाशी थांबलो. तिथे मराठी माणूस थांबतोच. त्या जागेविषयी आपण सगळे इतकं वाचून आलेलो असतो, की नव्याने सांगण्यासारखं माझ्यापाशी काही नाही. मात्र पुढे कर्नालच्या बाजूला वळलं की एक गोष्ट जाणवते. ऑक्टोबर १७६० मध्ये सदाशिवरावभाऊंनी जी कुंजपुऱ्याची गढी घेतली ती याच पट्ट्यात, यमुनेच्या काठावर. आज कुंजपुऱ्याच्या आसपास रस्त्यालगत उंच, सरळसोट झाडांच्या ओळी दिसतात. भाऊंच्या सैन्याला त्या दिसल्या नसणार, कारण ही झाडं इथली नव्हेत. उत्तर अमेरिकेतला हा पॉपलर, ज्याचं शास्त्रीय नाव पॉप्युलस डेल्टॉइडीस, १९५० नंतर आपल्या देशात आला. कर्नाल जिल्ह्याचा राष्ट्रीय राजधानी क्षेत्रात समावेश झाला तो २०१५ मध्ये. कागदावर आपण अजून दिल्लीच्याच पसाऱ्यात होतो. शेत मात्र पुरतं हरियाणवी होतं.

बांधावर एक म्हातारे शेतकरी हुक्का घेऊन बसले होते. सगळे त्यांना ताऊ म्हणत होते, म्हणून आम्हीही ताऊच म्हटलं. त्यांनी खाट पुढे सरकवली आणि पॉपलरचा सगळा हिशेब उलगडून सांगितला. झाडांमधलं अंतर साधारण पाच मीटर बाय चार मीटर, म्हणजे एकरी दोनशे झाडं. इकडे एकराला किल्ला म्हणतात. लावणी जानेवारी-फेब्रुवारीत, झाड निष्पर्ण असताना. रोप म्हणजे वर्षभर वाढवलेली दहा-पंधरा फुटांची काठीच. ती मुळासकट उपटायची, दोन दिवस पाण्याच्या हौदात बुडवून ठेवायची आणि गिरमिटाने तीन फूट खोल भोक पाडून त्यात उभी करायची. पहिली दोन वर्षं मध्ये ऊस घ्यायचा. पुढे सावली वाढली की रब्बीला गहू आणि त्याहूनही दाट सावली झाली की हळद. सहा-सात वर्षांत झाड साठ-सत्तर फूट जातं आणि कापायला तयार होतं.

पॉपलरखाली गहू येतो कसा, हे मला कोडं होतं. उत्तर साधं निघालं. नोव्हेंबर-डिसेंबरात पॉपलर सगळी पानं टाकतो आणि मार्च येईपर्यंत उघडा राहतो. गव्हाला उन्हाची गरज असते ते नेमके हेच महिने. झाड जसजसं वाढतं तसा गव्हाचा उतारा कमी होतो, हे ताऊंनी मान्य केलं, पण त्यांचा हिशेब वेगळा होता. गव्हाचे पैसे वर्षाच्या वर्षाला संपतात. पॉपलरचे पैसे एकदम येतात आणि लेकीचं लग्न किंवा मुलाचं परदेशी शिक्षण त्यातून निघतं.

तिथेच एक खालचं पान तोडून पाहिलं. पाहिला तो देठ. या पॉपलरचा देठ गोल नसतो, तो पात्यासारखा दोन्ही बाजूंनी दाबलेला असतो, आणि पानाच्या पसरटपणाशी काटकोनात. चिमटीत धरून फिरवू गेलं तर तो गरकन फिरत नाही, एका बाजूला लवतो. वाऱ्याची बारीकशी झुळूक आली तरी अशा देठावरचं पान उभ्या-उभ्या डोलायला लागतं. ॲस्पेनचं जे थरथरणं जगभर प्रसिद्ध आहे आणि ज्यावरून त्याच्या शास्त्रीय नावात थरथरण्याचा अर्थ आला, त्याचं कारण हेच. आपल्या पिंपळाचं पानही निवांत हवेत सळसळतं, पण ते लांब, बारीक देठामुळे. पॉपलरच्या शेतात उभं राहिलं की अंगाला वारा लागत नसतानाही डोक्यावर सतत पावसासारखा आवाज येत राहतो. ताऊंना त्याचं काही विशेष वाटत नव्हतं. आम्ही मात्र बराच वेळ मान वर करून ऐकत राहिलो.

हे सगळं महाराष्ट्रात का नाही? डेल्टॉइडीस पॉपलर आपल्या देशात मुख्यतः २८ अंश अक्षांशाच्या उत्तरेलाच चांगला वाढतो. दिल्ली त्या रेषेच्या जेमतेम वर आहे. या झाडाला खरा हिवाळा हवा असतो. थंडीत कळ्या मिटून झोपल्या पाहिजेत, तरच वसंतात त्या एकदम जोमाने फुटतात. शिवाय उन्हाळाभर मुळाशी ओल हवी. यमुनेच्या खादरमधली, म्हणजे पुराच्या गाळाची जमीन, वरचेवर मिळणारं पाणी आणि धुक्याने गारठलेला जानेवारी, हे तिन्ही इथे एकत्र येतं. खरा ॲस्पेन तर याहून हट्टी. त्याला लांब, बर्फाळ हिवाळा आणि थंड उन्हाळा लागतो. पंचेचाळीस अंशांच्या दिल्लीत त्याचं रोप लावणं म्हणजे त्याच्यावर अन्यायच आहे आणि बागेच्या हौसेपोटी कुणी तसं करू नये असं मला मनापासून वाटतं.

या शेतीचा एक धागा मात्र थेट अंबरनाथला पोचतो. स्वीडनमध्ये काड्यापेटीचा धंदा वाढला तो ॲस्पेनच्या लाकडावर. हे लाकूड मऊ, पांढरं, वास नसलेलं आणि एकसारखं जळणारं. स्वीडिश मॅच कंपनीने १९२३ मध्ये भारतात वेस्टर्न इंडिया मॅच कंपनी काढली, तीच विमको. तिचा कारखाना अंबरनाथला होता आणि विमको नाका हे नाव तिथे अजून ऐकू येतं. भारतात ॲस्पेनचं लाकूड हाताशी नव्हतं, म्हणून काड्या आपल्या काटेसावरीच्या लाकडाच्या होऊ लागल्या. पुढे रानातली सावर कमी पडू लागली, तेव्हा कंपनीने ॲस्पेनचा हा भाऊबंद उत्तरेतल्या शेतकऱ्यांच्या बांधावर आणला. १९७६ च्या सुमारास प्रयोग सुरू झाले आणि १९८४ पासून नाबार्डच्या साहाय्याने शेतकऱ्यांना रोपं, कर्ज आणि तयार झाड ठरल्या भावाने विकत घेण्याची हमी मिळू लागली. रुद्रपूरजवळ विमकोच्या रोपवाटिका उभ्या राहिल्या. काड्यापेटीसाठी आलेलं झाड पुढे प्लायवूडने आपलंसं केलं.

कुंजपुऱ्याहून इंद्री, लाडवा, रादौर असं करत यमुनानगरला गेलो. वाटेत एक गोष्ट मनात घोळत राहिली. युटामध्ये फिश लेकजवळ पांडो नावाचं ॲस्पेनचं एक रान आहे. सुमारे ४३ हेक्टरांवर पसरलेली सत्तेचाळीस हजारांच्या घरातली खोडं, पण सगळ्यांचं मूळ एक. जमिनीखाली मुळं पसरत जातात आणि जागोजाग नवे फुटवे वर येतात. शास्त्रज्ञ त्या सगळ्या रानाला एकच झाड मानतात. वजन अंदाजे सहा हजार टन. वणव्यात वरचं सगळं जळालं तरी मुळं पुन्हा फुटतात. एकेक खोड शे-सव्वाशे वर्षांत पडतं, झाड मात्र राहतं.

आता हरियाणातला पॉपलर पाहा. तो बियांपासून लावत नाहीत, कारण बी कापसासारखं उडतं आणि काही दिवसांतच निर्जीव होतं. वर्षभराच्या फांदीचे वीतभर तुकडे जमिनीत खोचायचे, त्यांना मुळं फुटतात. एका चांगल्या झाडाचे असे तुकडे करत गेलं की सगळी रोपं त्याच झाडाची हुबेहूब प्रत. जी-४८ हे वाण असंच पंजाब, हरियाणा आणि पश्चिम उत्तर प्रदेशात पसरलं. पांडो मुळांनी जे करतो, ते इथे शेतकऱ्याच्या कोयत्याने केलं. यात धोकाही आहे. सगळी झाडं एकाच रक्ताची असली तर पानं खाणारी एक अळी किंवा एक बुरशी साऱ्या पट्ट्याला एकदम झोपवू शकते. पानं कुरतडून झाड उघडं करणाऱ्या अळीचे तडाखे तराईत बसलेले आहेत. म्हणून नवनवी वाणं काढणाऱ्या संशोधकांचं काम मला फार मोलाचं वाटतं. बाजाराला मात्र सवयीचंच वाण हवं असतं.

यमुनानगरच्या लाकूड मंडीत पहाटेपासून ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग लागते. सहारनपूरकडून, पंजाबकडून, आसपासच्या गावांतून माल येतो. खोडं काट्यावर तोलतात आणि भाव क्विंटलवर ठरतो. घेर बघून तीन वर्ग पाडतात. चोवीस इंचांहून जास्त घेराचं ते ‘ओव्हर’, त्याखालचं ‘अंडर’ आणि अठरा इंचांच्या आतलं ते ‘सोकता’. आढत्याने खोडाला सुतळी गुंडाळली, एक नजर टाकली आणि शब्द उच्चारला, की शेतकऱ्याची सहा वर्षं त्या शब्दात बसली. भाव कधी चढतात तर कधी इतके पडतात की लोक उभी झाडं मुळासकट काढून पुन्हा भाताकडे वळतात. झाड सहा वर्षं मागतं, बाजार सहा महिन्यांचीही शाश्वती देत नाही. ही तफावत मला या सगळ्या प्रवासात सर्वांत जास्त खुपली.

इथे एवढे कारखाने आले कसे, हेही समजून घेण्यासारखं आहे. पूर्वी प्लायवूडचा मोठा धंदा ईशान्येत होता आणि तो रानातल्या झाडांवर चाले. १२ डिसेंबर १९९६ रोजी गोदावर्मन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जंगलतोडीवर कडक निर्बंध घातले. रानातलं लाकूड थांबलं तसा धंदा शेतातल्या लाकडाकडे वळला आणि पॉपलर तयार होता तो याच पट्ट्यात. शेजारची जगाधरी पितळी भांड्यांसाठी जुनी प्रसिद्ध. यमुनानगरला कागदाची गिरणी आधीपासून होती आणि पुढे ती चंद्रपूरच्या बल्लारपूर उद्योगसमूहाच्या हाती होती. आता या जोडगावांची ओळख प्लायवूड हीच आहे.

एका कारखान्यात यंत्रावर खोड चढवलेलं पाहिलं. साल काढलेलं ओलं, पांढरं खोड गरगर फिरू लागलं, पातं त्याला टेकलं आणि सुरळीची वडी उलगडावी तसा एकसंध पापुद्रा बाहेर येत गेला. शेवटी हातात उरली मनगटाएवढी काठी. पापुद्र्याचे तुकडे करून ते बाहेर मोकळ्या रानात वाळत घालतात. एकरच्या एकर जमीन त्या पांढऱ्या तक्त्यांनी झाकलेली होती. काम करणाऱ्या बायका-पुरुषांत बहुतेक बिहार आणि पूर्व उत्तर प्रदेशातले. ऊन तापायच्या आत तक्ते पसरायचे, दुपारी उलटायचे, पाऊस दिसला की धावत गोळा करायचे. डोंगरातलं जंगल वाचण्यात या शेतांचा आणि या हातांचा वाटा आहे, हे दिल्लीत बसून कुणाच्या ध्यानात येत नाही. लावून, वाढवून कापलेलं झाड म्हटलं की शहरी माणसाच्या कपाळाला आठी पडते. मला ती आठी अनाठायी वाटते. कपाट लागणारच असेल तर ते देवराईतल्या वृक्षाचं असण्यापेक्षा सहा वर्षांच्या पिकाचं असलेलं बरं.

पुढचा पिंजोर, बिलासपूर, मंडीचा रस्ता लवकर मागे टाकला. कुल्लूच्या खोऱ्यात शिरल्यावर बियासच्या काठावर पुन्हा ओळखीची पानं दिसली, पण वेगळी. मोठी, बदामाच्या आकाराची, पिंपळासारखी. हा हिमालयाचा स्वतःचा पॉपलर. शास्त्रीय नाव पॉप्युलस सिलिएटा, कारण पानाच्या कडेला बारीक लव असते. इकडे याला पहाडी पीपल म्हणतात. जिथे दरड कोसळली, जिथे ओढ्याने गोटे आणून टाकले, तिथे तो आधी उगवतो. बी हलकं, वाऱ्यावर जाणारं. उघडी ओली माती मिळाली की रुजलं. जुलै २०२३ च्या पुराने बियासचे काठ ओरबाडून नेले होते. त्या गोट्यांत आता कमरेएवढी झुडपं उभी होती. अमेरिकेतला ॲस्पेन वणव्यानंतर जे काम करतो, तेच हा पुरानंतर करतो. पुढे देवदार, कैल सावकाश येतील. आधी जमीन धरून ठेवायला कुणीतरी लागतं.

मनालीच्या वर अटल बोगदा लागला. ऑक्टोबर २०२० मध्ये खुला झालेला हा नऊ किलोमीटरांचा बोगदा रोहतांगच्या पोटातून जातो. अलीकडे हिरवे देवदार होते. पलीकडे एकदम कोरडे, उघडे, तपकिरी डोंगर, कारण पावसाळी ढग या भिंतीपलीकडे फारसे पोचत नाहीत. आणि त्या तपकिरीत, चंद्रा नदीच्या काठाने सिस्सूपर्यंत पिवळ्या रंगाचे पट्टे. पॉपलर आणि विलो, दोन्ही लावलेले, दोन्ही एकाच कुळातले. फोटोंमध्ये पाहिलेला तो रंग इतक्या जवळ आणि इतका लख्ख असेल असं वाटलं नव्हतं. या झाडात पिवळा रंग उन्हाळाभर असतोच. थंडीने हिरवं द्रव्य मोडू लागलं की आतला पिवळा उघडा पडतो. दिवस उन्हाचे आणि रात्री थंड असल्या की रंग जास्त खुलतो. लाहौलमध्ये दोन्ही हमखास मिळतं.

सिस्सूच्या वरच्या उतारावर पांढरी खोडं दिसली आणि बरोबरचे लोक ‘ॲस्पेन!’ म्हणून हरखले. तो भूर्ज होता, भोजपत्राचा वृक्ष. त्याची साल कागदासारखी पापुद्र्यांनी सुटते. ॲस्पेनची साल सुटत नाही, तिच्यावर गळून पडलेल्या फांद्यांचे डोळ्यांसारखे काळे व्रण असतात, आणि वरची पांढरी भुकटी पुसून नखाने खरवडलं तर आत हिरवं निघतं. त्या हिरव्या सालीत पानांप्रमाणे अन्न तयार होतं, म्हणून पानं नसतानाही झाड ऊन मिळेल तेव्हा थोडंफार कमावतं.

तांदीला चंद्रा आणि भागा एकत्र होतात. तिथून पुढे केलाँग. तिथल्या एका जुन्या घरात आम्हाला छत पाहायला मिळालं. आडव्या जाड तुळया पॉपलरच्या, त्यांवर विलोच्या काटक्या दाटून रचलेल्या, त्यावर भोजपत्राचे थर पाणी अडवायला आणि सगळ्यांत वर चोपलेली माती. या छपरावर हिवाळ्यात फूट-फूट बर्फ साचतो आणि तो फावड्याने खाली लोटावा लागतो. बोगद्याआधी रोहतांगची खिंड बंद झाली की खोरं कित्येक महिने तुटायचं. जळण, गुरांचा पाला, तुळई, सगळं दाराशी असावं लागायचं. रानात झाडं थोडी, म्हणून लोकांनी पाटाच्या कडेने ती लावली. पाट म्हणजे इथली ‘कूल’, हिमनदीचं पाणी शेतापर्यंत आणणारा. झाडाला पाणी वेगळं द्यावं लागत नाही, ते कूलच्या कडेला उभं राहून वाटाण्या-बटाट्याच्या वाट्यातलं थोडं पितं.

घरमालकीणबाईंना विचारलं, झाड लावता कसं? त्या हसल्या आणि अंगणामागे घेऊन गेल्या. बर्फ वितळून माती हाताला लागली की लावायचं, उशीर करायचा नाही. मनगटाएवढी, पुरुषभर उंचीची फांदी तोडायची, खालचं टोक तिरकं छाटायचं आणि कूलच्या ओल्या कडेला दीड हात खोल रोवायची. साल सुटू द्यायची नाही. बारीक काडी लावली तर शेळ्या-मेंढ्या शेंडा खातात, म्हणून आधीच उंच फांदी लावायची. खोडाला गोणपाट नाहीतर जुना पत्रा गुंडाळायचा. त्यांच्या रांगेतल्या कोवळ्या खोडांवर तेलाच्या डब्यांचे पत्रे दिसतच होते. पहिल्या उन्हाळ्यात मुळाशी पाणी तुटता कामा नये. तीन-चार वर्षांनी गुरांचं तोंड पोचणार नाही अशा उंचीवर शेंडा छाटायचा, म्हणजे वरून नव्या फांद्या फुटतात आणि दर काही वर्षांनी पाला आणि काठ्या मिळत राहतात. तुळईसाठी मात्र काही झाडं न छाटता सोडायची आणि ती दाट लावायची, म्हणजे उजेडासाठी चढाओढीने सरळ वर जातात. विलोंची अलीकडे मर होते आहे, फांद्या वरून वाळत येतात, म्हणून यंदा त्यांनी पॉपलर जास्त लावले आहेत. रांगेच्या टोकाला सहा नव्या फांद्या होत्या, त्यातल्या चार जगल्या होत्या. उरलेल्या दोन जागी एप्रिलमध्ये पुन्हा लावायच्या फांद्या कुठल्या झाडाच्या घ्यायच्या, हेही त्यांनी बोटाने दाखवून ठेवलं होतं.